चित्रातले मूल कायद्याला केव्हा दिसले?

बारामती तालुक्यातील लोणी भापकर हे नाव या धाग्यांच्या वाचकांस नवे नाही. मल्लिकार्जुनाचे यादवकालीन मंदिर, बांधीव पुष्करणी आणि यज्ञवराहाची देखणी मूर्ती पाहण्यासाठी मोरगावहून वाट वाकडी करून जाणारे अनेक जण आपल्यांत आहेत. तिथला वराह आज महाराष्ट्रभर ओळखीचा झाला तो मुख्यतः छायाचित्रांमुळे. कुणी सकाळी मोबाइलवर टिपलेली मूर्ती संध्याकाळपर्यंत हजारो पडद्यांवर पोहोचते आणि मग ती कोणालाही मागे घेता येत नाही. मूर्तीच्या बाबतीत हे भाग्यच म्हणायचे. पण छायाचित्र एखाद्या मुलाच्या शोषणाचे असेल तर?

आजचा धागा त्या प्रश्नाचा इतिहास सांगणारा आहे. मुलांच्या लैंगिक शोषणाची चित्रे बनवणे, बाळगणे, पसरवणे हा आपल्याकडे स्वतंत्र गुन्हा केव्हा झाला? आणि असे चित्र नजरेस पडले तर कळवण्याचे कर्तव्य कोणाचे, हे केव्हा ठरले? यात अत्याचाराचे वर्णन कोठेही नाही, पीडितांची ओळख तर नाहीच. आपल्या वाचकांत शाळकरी मुलेमुलीही आहेत. त्यांनीही हा धागा निःशंकपणे वाचावा.

आरंभ १९२३ पासून करू. त्या वर्षी जिनिव्हा येथे राष्ट्रसंघाच्या पुढाकाराने अश्लील प्रकाशनांचा प्रसार व व्यापार रोखण्यासाठी आंतरराष्ट्रीय करार झाला. त्याला अनुसरून १९२५ मध्ये भारतीय दंडविधानाची २९२ व २९३ ही कलमे नव्याने लिहिली गेली. कलम २९२ अश्लील पुस्तके व चित्रे यांच्या विक्रीचे. कलम २९३ अशी वस्तू वीस वर्षांखालील व्यक्तीस विकणे वा दाखवणे यासंबंधीचे. या दुसऱ्या कलमापाशी अभ्यासकाने क्षणभर थांबावे. कायदेमंडळाच्या डोळ्यांसमोर तरुण मुलगा होता, पण तो दुकानासमोर उभा होता: चित्र विकत घेणारा, पाहणारा, बिघडण्याची शक्यता असणारा. चित्राच्या आतही एखादे मूल असू शकते, ते तिथे स्वेच्छेने आलेले नसते आणि गुन्हा खरेतर त्याच्याविरुद्ध घडलेला असतो, ही कल्पना त्या शब्दांत कोठेच सापडत नाही. कायदा 'नीती' राखत होता. जखम कोणाला झाली, हे तो विचारत नव्हता.

हे नीतिरक्षण प्रत्यक्षात कोणावर चालून गेले, हे महाराष्ट्राने जवळून पाहिले आहे. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२७ च्या जुलैत 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू केले. संततिनियमन, लैंगिक आरोग्य, गुप्तरोग या विषयांवर त्यात ते शास्त्रीय आणि रोखठोक भाषेत लिहीत. वाचक पत्रांतून शंका विचारीत, कर्वे आडपडदा न ठेवता उत्तरे देत. याच लेखनासाठी त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले भरले गेले. १९३४ च्या खटल्यात त्यांची बाजू न्यायालयात मांडली ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. वाचकांच्या प्रश्नांना दिलेली उत्तरे हाच तेथे आक्षेपाचा विषय होता. लोक विकृत प्रश्न विचारतात असे मानले तरी ती विकृती ज्ञानानेच जाईल, या अर्थाचा बाबासाहेबांचा युक्तिवाद प्रसिद्ध आहे. न्यायालयाला तो पटला नाही आणि कर्व्यांना दोनशे रुपये दंड झाला.

कर्व्यांचे नाव येथे ओढूनताणून आणलेले नाही. मुलाला आपल्या शरीराविषयी बोलण्यास शब्दच ठाऊक नसतील, तर त्याच्याशी कोणी वाईट वागले हे ते कोणत्या भाषेत सांगणार? ज्या कायद्याला ते शब्द पुरवणारा संपादक गुन्हेगार वाटला, त्या कायद्याला पुढची जवळजवळ सत्तर वर्षे चित्रातले मूल दिसले नाही. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे, असे माझे मत आहे. दोन्हींच्या मुळाशी 'असल्या विषयावर बोलू नये' हीच धारणा होती.

आता थेट १९९१ चा गोवा. मडगावात 'गुरुकुल' नावाचे मुलांचे वसतिगृह चालवणारा फ्रेडी पीट्स हा समाजात परोपकारी गृहस्थ म्हणून वावरत असे. गरीब घरांतील आणि निराधार मुलगे त्याच्याकडे राहत. त्या वर्षी पोलिसांनी त्याला अटक केली आणि झडतीत मुलांची २,३०५ छायाचित्रे व त्यांच्या निगेटिव्ह पट्ट्या हाती लागल्या. मुलांचे शोषण आणि त्यांच्या चित्रांचा व्यवहार परदेशांतील गिऱ्हाइकांपर्यंत पोहोचलेला होता. तेव्हा इंटरनेट सामान्यांच्या हाती आलेले नव्हते. माल टपालाने जात होता. मात्र रचना आजच्यासारखीच होती: विश्वास संपादन केलेला प्रौढ, आधार नसलेले मूल, एक कॅमेरा आणि दूर कोठेतरी पैसे मोजणारा अनोळखी माणूस. इंटरनेटने नंतर या साखळीतले अंतर आणि वेळ तेवढे काढून टाकले.

या प्रकरणातली सर्वांत बोलकी गोष्ट कायद्याच्या बाजूची आहे. पोलिसांपुढे हजारो छायाचित्रांचा ढीग होता, पण मुलांचे असे छायाचित्र काढणे हाच गुन्हा आहे, असे सांगणारे एकही कलम भारतात नव्हते. मग कलम ३७७, डांबून ठेवण्याची व इजा करण्याची कलमे, आणि सोबत १९२५ ची ती अश्लीलतेची कलमे, अशी मोट बांधून खटला उभा करावा लागला. तोही सहज उभा राहिला नाही. महिला कैद्यांच्या आणि तुरुंगांतील मुलांच्या प्रश्नावर ऐंशीच्या दशकात सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावणाऱ्या मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांनी या प्रकरणाचा चिकाटीने पाठपुरावा केला. मार्च १९९६ मध्ये सत्र न्यायालयाने पीट्सला जन्मठेप ठोठावली. शिक्षा भोगत असतानाच तो २००५ मध्ये मरण पावला.

शोषणाची चित्रे संघटितपणे बनवणाऱ्याला झालेली ही भारतातील पहिली मोठी शिक्षा म्हणून सामान्यतः सांगितली जाते. पण अटक ते निकाल यांत पाच वर्षे गेली होती. ती छायाचित्रे ज्यांची होती ते मुलगे तोवर वयात आले होते.

मधल्या काळात जळगाव घडले. १९९४ मध्ये उघडकीस आलेल्या त्या प्रकरणात विद्यार्थिनी व तरुणींची छायाचित्रे घेऊन, ती उघड करण्याची धमकी देत त्यांचे शोषण झाल्याचे आरोप होते. महाराष्ट्र हादरला, विधिमंडळात वादळ उठले, विशेष तपास झाला. पण बदनामीच्या भयाने फार थोड्या जणी जबाबाला पुढे आल्या आणि बहुतेक खटले तग धरू शकले नाहीत. गुन्हेगाराच्या हातातले खरे शस्त्र छायाचित्र नव्हतेच. ते बाहेर आले तर दोष मुलीलाच लागेल, ही गावाची खात्री हे त्याचे शस्त्र होते. आज समाजमाध्यमांवरून चित्र मिळवून मुलांना धमकावणारे याच खात्रीवर जगतात.

जून १९९६ मध्ये, म्हणजे गोव्यातील निकालानंतर तीनच महिन्यांनी, मुंबईत टाटा समाजविज्ञान संस्थेचा एक प्रकल्प म्हणून 'चाइल्डलाइन' सुरू झाली. जेरू बिलिमोरिया यांच्या पुढाकाराने १०९८ हा क्रमांक मुलांच्या हाती आला. 'दस नौ आठ' असा तो रस्त्यावरच्या मुलांच्या तोंडी सहज बसला. या दोन घटनांचा कार्यकारणसंबंध मी सांगत नाही. मात्र इतिहासाच्या दृष्टीने ही नोंद महत्त्वाची आहे. मुलाने स्वतः, कोणाही मोठ्याची परवानगी न घेता, फुकटात तक्रार करावी यासाठीची जागा प्रथमच निर्माण झाली होती.

ऑक्टोबर २००० मध्ये माहिती तंत्रज्ञान कायदा अमलात आला. त्याचे कलम ६७ संगणकावरील मजकुराविषयी बोलते खरे, पण भाषा पुन्हा तीच: कामुक, अश्लील, वाचणाऱ्याला बिघडवणारे. दोनच महिन्यांनी, डिसेंबरात, मुंबईत एका स्विस दांपत्याला मुलांच्या शोषणप्रकरणी अटक झाली. जप्त मालात संगणकही होता. २००३ मध्ये सत्र न्यायालयाने त्यांना सात वर्षांची शिक्षा दिली. टपालाची पाकिटे जाऊन हार्ड डिस्क आली होती, कायद्याचा शब्दकोश मात्र १९२५ चाच होता.

तो शब्दकोश प्रथम बदलला गोव्याने. २००३ च्या गोवा बाल कायद्यातील एक तरतूद मला फार विलक्षण वाटते. छायाचित्रे वा फिल्म धुऊन देणाऱ्याला त्यांत मुलांचे लैंगिक चित्रण आढळले, तर त्याने ते जवळच्या पोलीस ठाण्यास कळवलेच पाहिजे. न कळवल्यास त्याला कैद आणि दंड. विचार करा, हे कर्तव्य कोणावर टाकले गेले? अंधाऱ्या खोलीत रसायनांच्या पाण्यातून कागद हलवत उभ्या असलेल्या, ना आरोपी ना पीडित अशा, केवळ धंदा करणाऱ्या माणसावर. 'मला काय त्याचे, गिऱ्हाइकाची फिल्म आहे' ही पळवाट त्याच्यासाठी बंद झाली. याच कायद्याने हॉटेलांत नातलगांविना मुलांना खोलीवर नेण्यास मज्जाव केला आणि सायबर कॅफेंनाही मुलांच्या सुरक्षिततेची जबाबदारी दिली. मडगावच्या त्या हजारो छायाचित्रांचे धडे या कायद्याच्या ओळींत वाचता येतात.

इकडे मुंबईत अँकरेज प्रकरण चालू होते. कुलाबा आणि मुरूड येथे मुलांची आश्रयगृहे चालवणाऱ्या दोन ब्रिटिश नागरिकांना २००६ मध्ये सत्र न्यायालयाने दोषी ठरवले, २००८ मध्ये उच्च न्यायालयाने सोडले आणि मार्च २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा पुन्हा कायम केली. सारा वाद मुलांच्या शब्दावर किती विश्वास ठेवायचा, याभोवती फिरला.

यानंतर केंद्रीय कायदे वेगाने आले. २७ ऑक्टोबर २००९ पासून माहिती तंत्रज्ञान कायद्यात कलम ६७ ब अमलात आले. मुलांचे लैंगिक चित्रण प्रसिद्ध करणे, पाठवणे, शोधणे, उतरवून घेणे, तसेच मुलांना ऑनलाइन संबंधांसाठी फूस लावणे हे सर्व गुन्हे ठरले. पहिल्या गुन्ह्यास पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाख रुपयांपर्यंत दंड. मग १४ नोव्हेंबर २०१२ रोजी, बालदिनी, बालकांचे लैंगिक अपराधांपासून संरक्षण करणारा कायदा देशभर लागू झाला. आपण त्याला 'पॉक्सो' म्हणतो. अठरा वर्षांखालील प्रत्येक जण, मुलगा असो वा मुलगी, त्याच्या दृष्टीने बालक आहे.

पॉक्सोची शिक्षेची कलमे बहुतेकांना ऐकून ठाऊक असतात. इतिहासाच्या विद्यार्थ्याने १९ ते २१ ही कलमे वाचावीत. कलम १९ म्हणते की असा गुन्हा घडल्याचे ज्याला कळले, किंवा घडेल अशी ज्याला धास्ती वाटते, त्या कोणीही पोलिसांना कळवलेच पाहिजे. सद्भावनेने कळवणाऱ्यावर कोणतीही कारवाई होत नाही. कलम २० प्रसारमाध्यमे, हॉटेल, लॉज, रुग्णालय, क्लब आणि स्टुडिओ यांच्याबरोबर छायाचित्रणाची सोय पुरवणाऱ्यांनाही नाव घेऊन बांधते. गोव्यातला तो फिल्म धुणारा इथे राष्ट्रीय कायद्यात येऊन बसला आहे! कलम २१ प्रमाणे न कळवणाऱ्यास सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड अथवा दोन्ही. संस्थेच्या प्रमुखाने हाताखालच्या माणसाचा गुन्हा दडवला तर वर्षापर्यंत कैद आणि दंड. 'घरातली गोष्ट घरात' हा शतकानुशतकांचा शिरस्ता कायद्याने गुन्ह्याच्या रकान्यात टाकला तो इथे.

आता तंत्राकडे. २००९ मध्ये मायक्रोसॉफ्टने प्राध्यापक हॅनी फरीद यांच्या साहाय्याने 'फोटोडीएनए' ही पद्धत विकसित केली. ती समजण्यास शिलालेखाचा ठसा डोळ्यांपुढे आणा. शिळा जागची हलवावी लागत नाही. ठसा असला की तोच लेख पुन्हा कोठे आढळला तर ओळखता येतो. तसाच शोषणाच्या ज्ञात चित्राचा एक आकडेरूपी ठसा तयार करतात. चित्राचा आकार वा रंग थोडा बदलला तरी ठसा जुळतो, आणि ठशावरून मूळ चित्र मात्र पुन्हा बनवता येत नाही. अशी जुळणी झाली की अमेरिकेतील कंपन्या तेथील हरवलेल्या व शोषित मुलांसाठीच्या राष्ट्रीय केंद्रास कळवतात. त्या केंद्राची तक्रारवाहिनी १९९८ पासून चालू आहे. एप्रिल २०१९ मध्ये आपल्या राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाने या केंद्राशी करार केला आणि भारतासंबंधीच्या सूचना राज्यांकडे येऊ लागल्या. महाराष्ट्रात त्या 'महाराष्ट्र सायबर'मार्फत जिल्ह्यांच्या पोलिसांकडे जातात. तालुक्याच्या गावातल्या एखाद्या फोनवरून पसरवलेल्या चित्राची खबर अशा रीतीने समुद्रापारहून येऊन पुणे ग्रामीण पोलिसांच्या टेबलावर पडू शकते.

पण ठसा ज्ञात चित्राचाच असतो. नवे चित्र, आणि विशेषतः कूटबद्ध खासगी संदेशांतून फिरणारे चित्र, यंत्राला दिसत नाही. तिथे पाहणारा माणूस हाच एकमेव साक्षीदार उरतो. २०१५ मध्ये हैदराबादच्या 'प्रज्वला' संस्थेने व्हॉट्सअॅपवर फिरणाऱ्या अत्याचाराच्या चित्रफितींविषयी सरन्यायाधीशांना पत्र लिहिले, त्यातून सर्वोच्च न्यायालयात सुनावणी उभी राहिली आणि पुढे सप्टेंबर २०१८ मध्ये राष्ट्रीय सायबर गुन्हे तक्रार संकेतस्थळ सुरू झाले. या स्वरूपाची तक्रार तेथे नाव न देताही नोंदवता येते. पत्ता: सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन.

इथे आपल्या गावांतला एक प्रकार स्पष्ट सांगायला हवा. 'या नराधमाला ओळखा, जास्तीत जास्त ग्रुपवर पाठवा' अशा ओळीसह अत्याचाराची चित्रफीत गावच्या ग्रुपवर येते. पाठवणाऱ्याचा संताप खरा असतो. तरीही प्रत्येक फॉरवर्ड हा त्या मुलावरचा नवा आघात आहे, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतरच्या पॉक्सो कलम १५ प्रमाणे तो गुन्हाही आहे. असे साहित्य जवळ ठेवून ते नष्ट न करणे वा न कळवणे हेही याच कलमात बसते. याच दुरुस्तीने संगणकाने बनवलेले पण खऱ्या मुलाचे वाटावे असे चित्रही व्याख्येत आणले. तेव्हा ग्रुपचे नाव, पाठवणाऱ्याचा क्रमांक, दुवा, दिवस आणि वेळ टिपून घ्यावी, पोलिसांना किंवा संकेतस्थळावर कळवावे आणि त्या माध्यमाच्या 'रिपोर्ट' सोयीतूनही तक्रार करावी. चित्र मात्र 'पुरावा' म्हणून मित्रालाही पाठवू नये. मूल संकटात असेल तर १०९८ किंवा ११२.

आणि चित्र तुमचेच असेल, तुम्ही अठरा वर्षांखालचे असाल आणि कोणी धमकावत असेल, तर त्या अमेरिकन केंद्राची 'टेक इट डाउन' सेवा २०२३ पासून विनामूल्य उपलब्ध आहे. तीत चित्र कोणालाही पाठवावे लागत नाही. ठसा तुमच्याच फोनवर बनतो आणि तेवढाच सहभागी कंपन्यांकडे जातो. धमकावणाऱ्याला पैसे देऊ नयेत, दुसरे चित्र तर मुळीच नाही. त्याचे संदेश पुसून न टाकता विश्वासातल्या मोठ्या माणसाला दाखवावेत.

शब्दकोशाची गोष्ट २०२४ मध्ये पूर्ण झाली. असे साहित्य नुसते पाहणे वा उतरवून घेणे हा गुन्हा नाही, असा निर्णय मद्रास उच्च न्यायालयाने त्या वर्षाच्या आरंभी दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर रोजी तो रद्द केला. न्या. पारडीवाला यांनी लिहिलेल्या या निकालात न्यायालयांना 'चाइल्ड पोर्नोग्राफी' हा शब्दप्रयोग थांबवण्यास सांगितले आहे. त्याऐवजी 'बालकांच्या लैंगिक शोषणाचे व अत्याचाराचे साहित्य' म्हणावे, आणि संसदेने कायद्यातही तसा बदल करण्याचा विचार करावा. समाजमाध्यम कंपन्यांनाही बजावले आहे की परदेशी केंद्राला कळवून भागणार नाही, पॉक्सोप्रमाणे येथील पोलिसांनाही कळवावे लागेल. १९२५ च्या कलमात ज्याला जागा नव्हती, ते मूल नव्वाण्णव वर्षांनी नावातच आले.

कलम २१ चे तिसरे उपकलम अनेकदा वाचायचे राहून जाते. न कळवल्याबद्दलची शिक्षा प्रत्येकाला लागू आहे, बालकाला नाही. जे मूल घाबरून गप्प राहिले, उशिरा बोलले किंवा कधीच बोलले नाही, त्याला कायदा त्याबद्दल काही विचारत नाही.